जंगलात वाढले आणि घरी डॉक्युमेंटरीवाले आले

मी जंगलात वाढले, दुसरं घर गाठायला अख्खा दिवस चालावं लागायचं. मी नऊ वर्षांची असताना आमच्याकडे पहिल्यांदा डॉक्युमेंटरीवाले आले, नंतर अजून दोनदा. तुमच्या घरी असा क्रू येणार असेल, त्यातून लहान मुलं असतील, तर हे वाचाच.

आपल्याला वाटतं ते आपलं रोजचं जगणं शूट करतील. तसं नसतं. मी ओढ्यावरून पाणी आणायचे तर तेच पाणी पाच वेळा आणायला लावलं, एकदा लांबून, एकदा नुसते हात, एकदा पाय, आणि कंटिन्युइटीसाठी, म्हणजे वेगवेगळे शॉट जोडल्यावर एकसारखे दिसावेत म्हणून, आठवडाभर तेच कपडे. शेवटी बादली रिकामीच होती, भरलेली असल्यासारखी चाल म्हणाले, मी चालले, आणि ते मला अजून खटकतं. हे जुनंच आहे म्हणा, १९२२ च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ' या बर्फाळ प्रदेशातल्या एका इनुइट कुटुंबावरच्या डॉक्युमेंटरीत आत कॅमेऱ्याला उजेड पुरेना म्हणून एका बाजूने उघडा इग्लू बांधला होता, आणि नानूक हे त्या माणसाचं खरं नावसुद्धा नव्हतं. त्यामुळे "आम्ही असं करत नाही" हे तिथल्या तिथे सांगा. दुसऱ्या वेळी आईने सांगितलं आणि दिग्दर्शकाने ऐकलं पण.

शूटिंगला ब्रेक झाला की कॉलरला लावलेला माइक काढून मागा. तो चालू राहिला तर घरामागे जाऊन हळू आवाजात बोललेलंही साउंडवाल्याच्या हेडफोनमध्ये जातं, आमच्या आईबाबांचं एक भांडण असंच रेकॉर्ड झालं. पण त्याच साउंडवाल्यांकडून मी रूम टोन शिकले, म्हणजे प्रत्येक जागी मिनिटभर सगळ्यांनी गप्प उभं राहायचं आणि नुसता त्या जागेचा आवाज घ्यायचा, एडिट करताना तुकडे जोडायला लागतो तो. त्या मिनिटात मला पहिल्यांदा कळलं की आमच्या घराला स्वतःचा आवाज आहे, आणि आज मी साउंडचंच काम करते ते त्या मिनिटामुळे.

रिलीज फॉर्मवर, म्हणजे आपलं शूट केलेलं वापरायला परवानगी देणाऱ्या कागदावर, घाईत सही करू नका. फूटेज किती वर्षं वापरणार, दुसऱ्यांना विकणार का, हे आधी विचारा. फायनल कटवर, म्हणजे शेवटी सिनेमात काय राहणार त्यावर, आपलं चालत नाही सहसा, पण चुका सांगायला एकदा दाखवा असं म्हणता येतं. 'हनीलँड' या डॉक्युमेंटरीसाठी ३ वर्षांत ४०० तासांच्या वर शूट झालं आणि सिनेमा दीड तासाच्या आतला, म्हणजे काय ठेवायचं ते एडिटिंग टेबलवरच ठरतं. मुलांच्या वतीने सही आईबाप करतात, तरी मुलाला वेगळं बसवून विचारा की काय दाखवलेलं नको आहे. मला कुणी विचारलं असतं तर मेलेल्या कुत्र्याजवळ मी रडतेय तो शॉट मी नको म्हटलं असतं.

आणि ड्रोन उडवायच्या आधी घरटी कुठल्या झाडांवर आहेत ते तुम्हीच दाखवा, बाहेरून आलेल्यांना ते दिसत नाही.