वजा 3 पलीकडे नेले आणि माती झाली

कला शाखा घेतली तेव्हा गणिताला कायमचा रामराम ठोकला होता. सरळसेवा भरतीची तयारी सुरू केली आणि सातवी-आठवीतला क्ष पुन्हा दारात उभा. सरावातलं पहिलंच समीकरण होतं −3क्ष = 12. मी ऐटीत लिहिलं, क्ष = 15. कारण शाळेतलं एकच वाक्य डोक्यात पक्कं बसलेलं: ‘पलीकडे नेलं की चिन्ह बदलतं.’

ताळा केला तर −3 × 15 म्हणजे −45. कुठे 12, कुठे −45! ते −3 क्षला चिकटलेलं आहे, म्हणजे गुणलेलं आहे. ते काढायचं तर दोन्ही बाजूंना −3 ने भागायला हवं. उत्तर −4. खरं तर पलीकडे काहीच जात नाही, दोन्ही बाजूंवर एकच क्रिया होते. हे वाक्य मला कुणी आधी सांगितलं असतं तर दोन आठवडे वाचले असते. (तराजूचं उदाहरण सगळे देतात, पण पारड्यात उणे तीन किलो कसे ठेवायचे ते मला अजून कळलेलं नाही.)

मग सवय लावली: आधी क्षवर काय काय झालंय ते मराठीत वाचायचं. 5(क्ष − 2) + 3 = 28. दोन वजा केले, पाचने गुणलं, तीन मिळवले. आता उलटं चला: 28 मधून 3 गेले 25, भागिले 5 म्हणजे 5, अधिक 2 म्हणजे 7. क्ष दोन्हीकडे असेल तर मात्र ही वाट बंद. 7क्ष − 4 = 3क्ष + 16 मध्ये आधी दोन्हीकडून 3क्ष वजा करा, मग दोन्हीकडे 4 मिळवा; 4क्ष = 20, क्ष = 5.

अपूर्णांकात मी हमखास घसरायचो. क्ष/2 + क्ष/3 = 10 ला लसावि 6 ने गुणताना उजवीकडचा 10 तसाच राहायचा आणि उत्तर 2 यायचं. 60 लिहा, 12 येईल.

शाब्दिक उदाहरणांची भीती भास्कराचार्यांमुळे गेली. 1150 च्या सुमाराच्या ‘लीलावती’त कमळांचं गणित आहे: राशीचा तिसरा, पाचवा, सहावा आणि चौथा भाग देवांना वाहिला, उरलेली 6 कमळं गुरूंना. एकूण किती? हे सोडवायची रीत इष्टकर्म, म्हणजे सोयीची संख्या धरून बघणं. 60 धरा: 20, 12, 10, 15 गेली, उरली 3. हवीत 6, म्हणजे दुप्पट, 120. क्ष मांडलाच नाही! परीक्षेत पर्याय 100, 120, 150, 200 असे असतील तर एवढंही नको. कमळं अख्खी आहेत, आणि चारही भाग पूर्ण पडतील अशी त्यात एकच संख्या आहे.