‘अँड देन देअर वर नन’ गटाने कशी वाचावी

आगाथा ख्रिस्ती यांची 1939 साली प्रसिद्ध झालेली ही रहस्यकादंबरी एका रात्रीत वाचून होते. परंतु तिची वीण किती घट्ट आहे हे कळायचे असेल, तर ती पाच-सात जणांनी मिळून, ठरावीक ठिकाणी थांबत वाचावी, असे मी आग्रहाने सांगेन. करवीर नगर वाचन मंदिरासारखे 1850 पासूनचे ग्रंथालय ज्या कोल्हापुरात आहे, तेथे एवढे वाचक जमणे कठीण नाही. ज्यांना खुनी ठाऊक आहे, त्यांनी बैठक चालवावी आणि तर्क करण्याचे काम इतरांवर सोडावे.

पहिल्या बैठकीला चार प्रकरणे पुरेत. इंग्लंडमधील डेव्हनच्या किनाऱ्यालगतच्या बेटावर दहा माणसे येतात आणि पुढे एकेक करून मरत जातात. त्यांपैकी बहुतेकांना कोणत्या आमिषाने बोलावले आहे, हे पहिल्याच प्रकरणात बारकाईने पाहावे. मिस ब्रेंटला आलेल्या पत्रावरची सही तिला धड लागत नाही, तरीही फुकट सुट्टी मिळते आहे म्हणून पत्र कोणाचे असावे याचा तर्क ती स्वतःच करते. पुढे ग्रामोफोनवरचा आवाज प्रत्येकावर कोणाच्या तरी मृत्यूचा आरोप ठेवतो, तेव्हा कोण नाकारतो, कोण बेफिकिरीने कबूल करतो आणि कोण त्यावर बोलायलाच तयार नसतो, हे गटातील प्रत्येकाने एक-दोन पात्रे वाटून घेऊन टिपावे.

दुसऱ्या बैठकीपासून एक वही ठेवावी. प्रत्येक मृत्यूपुढे त्या व्यक्तीला शेवटचे कोणी व कोठे पाहिले, त्या वेळी बाकीचे कोठे होते, आणि ही माहिती आपल्याला प्रत्यक्ष प्रसंगातून मिळाली की कोणाच्या तरी सांगण्यावरून, एवढे लिहावे. या तिसऱ्या नोंदीला मी सर्वाधिक महत्त्व देतो, कारण वाचताना आपण पाहिलेले आणि ऐकलेले नकळत एकत्र करतो आणि लेखिकेचा सारा डाव त्या सवयीवरच उभा आहे. जेवणाच्या टेबलावरील, प्रत्येक मृत्यूगणिक एकेक कमी होणाऱ्या चिनी मातीच्या दहा बाहुल्यांचा हिशेबही याच वहीत असावा; एक बाहुली कमी झाल्याचे प्रथम घरातील नोकर रॉजर्सच्या ध्यानात येते, तेव्हा तोपर्यंत त्या खोलीत कोणाकोणाला जाता आले असते, हे ताडून पाहावे.

बेटाचा संपर्क कसा तुटतो यावर मात्र थोडा निवांत वेळ द्यावा. 2019 च्या ऑगस्टमध्ये पंचगंगेच्या पुराने शिरोलीजवळ महामार्ग बंद पडला, तेव्हा शहराबाहेर जाण्याचे मार्ग कसे एकामागून एक मिटत जातात, हे येथल्या लोकांनी अनुभवले आहे. कादंबरीत आधी नेहमीची होडी येत नाही आणि वादळ त्यानंतर येते. हा क्रम महत्त्वाचा आहे, कारण त्यातले पहिले माणसाने घडवलेले आहे आणि दुसरे निसर्गाने.

सहा जण उरल्यावर लेखिका त्यांचे विचार नावांशिवाय देते. तो उतारा मोठ्याने वाचावा आणि कोणता विचार कोणाचा, यावर मनसोक्त वाद घालावा. या कथेवर बेतलेला ‘गुमनाम’ किंवा अन्य चित्रपट पाहिलेल्यांनी त्यावर विसंबू नये. खुद्द ख्रिस्ती यांनीही 1943 च्या नाट्यरूपांतरात शेवट बदलला होता.

सोळावे प्रकरण झाले की उपसंहारातील पोलिसांची चर्चा वाचावी आणि तेथेच पुस्तक मिटावे. घटनाक्रम सगळा समोर असतो, उत्तर नसते. प्रत्येकाने आपला संशयित आणि वहीतील ज्या नोंदीवरून तो ठरवला ती नोंद चिठ्ठीवर लिहून द्यावी; नुसते नाव ग्राह्य धरू नये. त्यानंतरच अखेरची पाने एकत्र वाचावीत आणि खुन्याच्या वाट्याला आलेली आधीची सर्व वाक्ये पुन्हा काढून, त्यांपैकी एक तरी वाक्य खोटे ठरते का, हे तपासावे.