फिरत्या रिसीव्हरचा माग कसा ठेवायचा

बेळगाव, निपाणी, खानापूरकडची जी पोरं अलीकडे मोबाइलवर एनएफएल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलची लीग, बघायला लागली आहेत, ती आधी एखाद्या नावाजलेल्या रिसीव्हरच्या, म्हणजे पास पकडणाऱ्या खेळाडूच्या, मागे लागतात. बघायला मजा येते, पण त्यातून खेळाचा धंदा कळत नाही. तो कळायचा तर संघातला पाचवा नाहीतर सहावा रिसीव्हर धरायचा, चार वर्षांत पाच जर्सी बदललेला. अशा माणसाने पास किती पकडले हा आकडा सगळ्यात शेवटी बघायचा. आधी बघायचं, त्या तारखेला तो कुठल्या यादीत होता.

खेळाडू निवडायची वेळ ऑगस्टची सुरुवात. कुठल्याही संघाच्या अधिकृत साइटवर खेळाडूंची यादी उघडा. तेव्हा यादीत 90 जण असतात आणि त्यात दहा-बारा तरी रिसीव्हर. ड्राफ्टच्या, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीच्या, सात फेऱ्यांत ज्याचं नाव आलं नाही किंवा सहाव्या-सातव्या फेरीत आलं, आणि ज्याला दोन ते पाच वर्षं झाली आहेत, असा एक घ्या. अगदी नवखा घेतलात तर महिन्याभरात तो घरी जायची शक्यता मोठी. आठ-नऊ वर्षं मुरलेल्याला नियमच वेगळे लागतात, त्याच्यापासून सुरुवात करू नका.

एक साधी वही करा. रकाने चारच: तारीख, संघ, यादी, आणि बातमीत वापरलेला नेमका शब्द. हा चौथा रकाना कंटाळा करून सोडाल तर पुढे काहीच उलगडणार नाही. ‘वेव्ह केला’ आणि ‘रिलीज केला’ या दोन्हींचा अर्थ आपण सरसकट ‘काढला’ असा घेतो, पण दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे. ज्याच्या खात्यात चार पूर्ण हंगाम जमा नाहीत, त्याला वेव्ह करतात. तो लगेच मोकळा होत नाही, बाकीच्या 31 संघांपुढे ठेवला जातो. कुणी मागितला तर त्याचा आहे तो करार घेऊन त्या गावी जायचं, पसंती-नापसंती विचारत नाहीत. दोन संघांनी मागितला तर आदल्या हंगामात ज्याची कामगिरी वाईट त्याला आधी मान, आणि तिसऱ्या आठवड्यानंतर चालू हंगामाचा तक्ता उलटा लावून. चार हंगाम भरलेला खेळाडू रिलीज होतो, म्हणजे त्याच क्षणी मोकळा, कुणाशीही बोलणी करू शकतो. नोव्हेंबरमध्ये अदलाबदलीची मुदत संपली की ही सवलतही जाते आणि सगळ्यांनाच वेव्हरमधून, म्हणजे या मागणीच्या फेरीतून, जावं लागतं.

आपल्याकडे टेनिस बॉलच्या स्पर्धांना कोल्हापूर-गोव्याहून मानधनावर खेळाडू आणतात. तो खेळाडू निदान कुठल्या संघाकडून उतरायचं ते स्वतः ठरवतो. वेव्हरवरच्या रिसीव्हरला तेवढंही स्वातंत्र्य नसतं.

हंगाम पूर्ण धरायला त्या वर्षी किमान सहा सामने पूर्ण पगाराच्या यादीत असावं लागतं, मग मैदानात उतरो न उतरो. प्रॅक्टिस स्क्वॉडवरचे, म्हणजे सरावापुरत्या राखीव गटातले, आठवडे यात धरत नाहीत. म्हणून पाच वर्षं लीगमध्ये असलेल्या माणसाच्या नावावर दोनच हंगाम दिसले तर ती छपाईची चूक समजू नका.

वर्षातला सगळ्यात महत्त्वाचा दिवस ऑगस्टच्या शेवटी येतो. मंगळवारी दुपारी तिकडच्या पूर्व किनाऱ्याच्या वेळेने चार वाजेपर्यंत प्रत्येक संघाने 90 चे 53 करायचे. आपल्याकडे तेव्हा बुधवारची पहाट, दीड वाजलेला असतो. 32 संघांचे मिळून जवळजवळ 1200 खेळाडू एका फटक्यात यादीबाहेर पडतात. त्यासाठी जागायची गरज नाही. बुधवारी सकाळी उठून नावं लिहून घ्या आणि रात्री साडेनऊला पुन्हा बघा, कारण वेव्हरवर मागणी नोंदवायची मुदत तेव्हा संपते. तुमच्या माणसाला कुणी मागितलं नसेल तर पुढच्या काही तासांतच तो बहुधा प्रॅक्टिस स्क्वॉडवर दिसेल, पुष्कळदा त्याच संघाच्या. इथेच नवखे फसतात. काढला म्हणून वही बंद करतात आणि नोव्हेंबरमध्ये तोच गडी टीव्हीवर दिसला की चक्रावतात.

53 मध्ये रिसीव्हर पाच किंवा सहा. पहिले तीन पास पकडण्यासाठी ठेवलेले असतात. पाचव्या-सहाव्याची जागा मात्र स्पेशल टीमवर, म्हणजे चेंडू लाथेने मारायच्या खेळींना उतरणाऱ्या तुकडीवर, ठरते. तोही रिसीव्हर म्हणूनच मोजला जातो, पण पोट भरतो पंट (चेंडू लाथेने लांब मारून समोरच्या संघाला देणं) आणि किकऑफवर (खेळ सुरू करणारी किक). प्रशिक्षकापुढे दोन सारख्या कुवतीचे रिसीव्हर असले आणि त्यातल्या एकालाच पंटमागे धावून टॅकल करता, म्हणजे चेंडूवाल्याला धरून पाडता, येत असेल, तर दुसऱ्याने सामान बांधायला घ्यावं.

प्रॅक्टिस स्क्वॉड 16 जणांचा. त्यातल्या सहा जागा कितीही अनुभव असलेल्यांना चालतात, बाकीच्या मुख्यतः नवख्यांसाठी. पैशाचा हिशेब एकदा मांडून बघण्यासारखा आहे. 2025 मध्ये 53 च्या यादीतल्या अगदी नवख्याचा किमान पगार वर्षाला 8,40,000 डॉलर होता. तो हंगामाच्या 18 आठवड्यांत विभागून मिळतो, म्हणजे आठवड्याला साधारण 46,667 डॉलर. प्रॅक्टिस स्क्वॉडवर किमान 13,000. सराव तोच, बैठका त्याच, मारही तोच, आणि पैसे साडेतीन पटीने कमी. रुपये आजच्या दराने तुम्हीच करा, पण त्यातून कर, एजंटचा वाटा आणि दर दोन महिन्यांनी नव्या शहरात भाड्याचं घर हे सगळं वजा जातं हे विसरू नका.

स्क्वॉडवरून सामन्यापुरतं वर घेण्याची सोय आहे. एका आठवड्यात संघ असे दोघेच घेऊ शकतो, आणि एका खेळाडूला एका नियमित हंगामात तीनदाच. त्या सामन्याचे पैसे मोठ्या यादीच्या दराने मिळतात आणि सामना झाला की तो आपोआप स्क्वॉडवर परत. चौथ्यांदा हवा असेल तर 53 मध्ये जागा करून करारच करावा लागतो. म्हणून वहीत तिसऱ्या खेपेपुढे फुली मारून ठेवा. पुढच्या आठवड्यात काहीतरी निर्णय होणारच: एकतर करार, नाहीतर स्क्वॉडवरच मुक्काम. स्क्वॉडवर असताना दुसऱ्या संघाने बोलावलं तर त्याला थेट त्यांच्या 53 मध्ये घ्यावं लागतं आणि तीन आठवड्यांचा पगार पक्का होतो. त्याच्या सध्याच्या संघाने ऐन वेळी जास्त पैसे देऊ केले तर खेळाडू बोलावणाऱ्या संघाला नकोही म्हणू शकतो.

दुसऱ्या आठवड्याच्या मंगळवारी एक चमत्कारिक प्रकार दिसतो: पहिला सामना झाला रे झाला की अनुभवी खेळाडूंचे करार भराभर व्हायला लागतात. कारण सरळ आहे. चार हंगाम भरलेला खेळाडू पहिल्या सामन्याला 53 मध्ये असेल तर नंतर काढला तरी त्या वर्षाचा उरलेला पगार मागू शकतो. तो हक्क कारकिर्दीत एकदाच वापरता येतो, पण संघाला तेवढीही जोखीम नको असते, मग आठवडाभर थांबतात. ‘पहिल्या आठवड्यात कुणालाच नको होता’ असा शेरा मारण्याआधी ही तारीख तपासा.

आता सामन्याची रात्र. रविवारच्या बहुतेक सामन्यांची सुरुवात तिकडे दुपारी एकला, म्हणजे आपल्याकडे रात्री साडेदहा. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी तिकडची घड्याळं तासभर मागे जातात, तिथून पुढे साडेअकरा. सामन्याच्या 90 मिनिटं आधी न खेळणाऱ्यांची यादी जाहीर होते. आधी नऊला, नोव्हेंबरपासून दहाला ती बघा. 53 पैकी जास्तीत जास्त 48 जणच उतरू शकतात, तेही त्यात आक्रमणाच्या पुढच्या फळीतले आठ लाइनमन असतील तर. तुमचा माणूस न खेळणाऱ्यांत असेल तर खुशाल झोपा. पगार त्याला मिळतो, आणि सकाळी तुम्हाला ड्युटी आहे.

तो उतरणार असेल तर चेंडूवरची नजर काढून पंटवर लावा. पंट करणाऱ्या संघाच्या दोन्ही टोकांना दोघे एकेकटे उभे दिसतात, त्यांना गनर म्हणतात. पाय चेंडूला लागेपर्यंत, चेंडू जिथून खेळात येतो त्या रेषेपुढे धावायची मुभा फक्त या दोघांना. समोर एक, कधी दोन बचावपटू त्याला अडवायला उभे असतात. चांगला गनर पहिल्या दोन पावलांतच हात झटकून सुटतो, बाजूरेषेबाहेर ढकलला गेला तर लगेच आत येतो, आणि चेंडू झेलणाऱ्याच्या चार-पाच यार्डांवर आला की वेग मोडून पावलं बारीक करतो. ही शेवटची गोष्ट चुकली की झेलणारा एका झुकांडीत त्याला मागे टाकतो. पुढच्या मंगळवारी नाव यादीतून गेलं तर कारण तुम्ही आधीच पाहिलेलं असेल. किकऑफचं गणित मात्र 2024 च्या नियमाने बदललं. पाठलाग करणारे आता समोरच्या संघाच्या 40 यार्डाच्या रेषेवर उभे असतात आणि चेंडू पडेपर्यंत किंवा कुणी हातात घेईपर्यंत हलत नाहीत. नुसत्या लांब धावेची किंमत त्यामुळे कमी झाली आणि किक परत आणणाऱ्याची वाढली.

सोमवारी दुपारी प्रो-फुटबॉल-रेफरन्स या आकडेवारीच्या साइटवर स्नॅपचा तक्ता, म्हणजे खेळाडू किती खेळींना मैदानात होता तो हिशेब, उघडा. आक्रमणातले आणि स्पेशल टीमचे स्नॅप वेगळे दिलेले असतात. आक्रमणात चार, स्पेशल टीमवर अठरा, असं काही दिसलं तर त्याची जागा सध्या शाबूत आहे. दोन्ही आकडे सलग दोन आठवडे घसरले तर समजा, मंगळवारी दुसऱ्या कुणालातरी चाचणीला बोलावलं आहे. चाचण्या सहसा मंगळवारीच होतात, खेळाडूंच्या सुट्टीच्या दिवशी.

चाचणीतून घेतलेला खेळाडू बुधवारी सरावाला उभा राहतो आणि रविवारी सामना. चार दिवसांत नवी भाषा शिकायची, कारण तीच चाल दर संघात वेगळ्या नावाने असते. त्यात रिसीव्हरच्या जागा तीन. एक्स रेषेवर उभा, त्याला बचावपटू तोंडावरच अडवतो. झेड रेषेपासून पाऊलभर मागे, म्हणून त्याला सुटायला जागा आणि खेळाआधी इकडून तिकडे सरकायची मुभा. तिसरा स्लॉट, आतल्या बाजूला. स्टार खेळाडूला एक जागा नीट आली की भागतं. पाचव्याला तिन्ही पाठ पाहिजेत, कारण कोण जखमी होईल ते आधी ठरत नाही. शिवाय पळायचा मार्ग समोरचं बघून बदलतो. मागे एकच सेफ्टी (सगळ्यात मागचा बचावपटू) मधोमध असेल तर 12 यार्डांवरून आत वळायचं, दोघे फाकून उभे असतील तर मधून थेट वर, असे पर्याय एकाच चालीत असतात. पास फेकणाऱ्या क्वार्टरबॅकने एक वाचलं आणि रिसीव्हरने दुसरं, तर चेंडू रिकाम्या जागी पडतो आणि समालोचक ‘चुकीचा पास’ म्हणून मोकळा होतो. तेव्हा रिसीव्हर कुठे वळला ते परत लावून बघा.

पद्धत हाताला बसवायला एक संपलेली कारकीर्द घ्या. ख्रिस होगन. कॉलेजात मुख्यतः लॅक्रॉस (जाळीच्या काठीने खेळायचा खेळ) खेळला, फुटबॉल एकच वर्ष. 2011 च्या ड्राफ्टमध्ये नाव नाही. फोर्टी-नाइनर्स, जायंट्स, डॉल्फिन्स असं फिरून 2012 मध्ये बफेलो बिल्सच्या प्रॅक्टिस स्क्वॉडवर, आणि डिसेंबरमध्ये मोठ्या यादीत. सुरुवातीचं काम बरंचसं स्पेशल टीमचं. 2014 ला 41 झेल, 426 यार्ड. 2016 मध्ये बिल्सने त्याला कमी रकमेच्या प्रस्तावावर राखून ठेवलं. अशा प्रस्तावात दुसऱ्या संघाने खेळाडू नेला तर तो मुळात ज्या फेरीत निवडला गेला त्या फेरीची निवड भरपाई म्हणून मिळते. होगन कुठल्याच फेरीत नव्हता, म्हणजे भरपाई शून्य. पेट्रियट्सनी हे हेरून तीन वर्षांचे 1 कोटी 20 लाख डॉलर देऊ केले, बिल्सनी बरोबरी केली नाही. जानेवारी 2017 मध्ये स्टीलर्सविरुद्धच्या कॉन्फरन्स अंतिम सामन्यात त्याने नऊ झेलांत 180 यार्ड आणि दोन टचडाउन काढले. पुढे पँथर्स, जेट्स, सेंट्स. फक्त झेलांचा तक्ता पाहाल तर 2016 चा करार आकाशातून पडल्यासारखा वाटेल. वहीत यादी आणि शब्द असतील तर नाही.

दुखापतीच्या नोंदी जपून लिहा. राखीव जखमी यादीत गेलेला माणूस किमान चार सामने बाहेर, पण पगार चालू. ‘जखमी असताना वेव्ह’ असा शब्द असेल आणि कुणी मागितला नाही तर तो त्याच संघाच्या जखमी यादीत परत येतो, आणि पुष्कळदा ठरावीक आठवड्यांचे पैसे घेऊन मोकळा होतो. ते आठवडे वहीत लिहून ठेवा. बरा होऊन तो दुसऱ्या संघाच्या चाचणीला साधारण त्याच सुमारास दिसू लागतो.

नियमित हंगाम संपला की बऱ्याच जणांची पानं कोरी होतात. तेव्हा ‘फ्युचर’ कराराच्या बातम्या शोधा. 53 मध्ये नसलेल्यांशी संघ पुढच्या वर्षासाठी हे करार करतात आणि ते मार्चमध्ये लीगचं नवं वर्ष सुरू झालं की लागू होतात. त्यात हमीचे पैसे बहुधा नगण्य, फक्त 90 मधली एक जागा मिळते. चार हंगाम भरलेल्याचं तेव्हा वेगळं गणित. त्याला एक वर्षासाठी किमान पगारावर घेतलं तर संघाच्या पगारमर्यादेत तो दोन वर्षं झालेल्या खेळाडूच्या दरानेच मोजला जातो, वरचा फरक लीग सोसते. मार्च-एप्रिलमध्ये ‘एक वर्ष, किमान पगार’ अशी नोंद दिसली की नवं पान उघडा, वर संघाचं नाव लिहा, आणि त्या संघाने एप्रिलच्या ड्राफ्टमध्ये किती रिसीव्हर घेतले तेही खाली मांडून ठेवा. ऑगस्टमध्ये त्याची गाठ त्यांच्याशीच आहे.