लिमरिक लिहायचंय? आधी क्रियापदाला ओळीच्या टोकावरून उठवा

लिमरिक, म्हणजे पाच ओळींची गमतीदार कविता, कसं लिहावं हे सांगणारे बहुतेक लेख एकाच वाक्यावर संपतात: ओळी पाच, पहिली-दुसरी-पाचवी एका यमकात, तिसरी-चौथी दुसऱ्या यमकात, झालं! पोळी गोल असते एवढंच सांगून कुणाला लाटायला बसवावं, तसला हा प्रकार. मी बरीच वर्षं मराठीत लिमरिकं लिहितेय आणि त्यातल्या पहिल्या दोन वर्षांतली वही मी कुणाला दाखवत नाही. तेव्हा जिथे अडलं होतं तेच इथे नीट सांगते. बाकीचं तुम्हाला जमेल.

आधी वाचा. एडवर्ड लिअरपासून सुरुवात करा. हा माणूस पेशानं चित्रकार. डर्बीचा अर्ल या इंग्रज उमरावाकडे पशुपक्ष्यांची चित्रं काढायला राहिला होता, तेव्हा त्या घरातल्या मुलांना हसवायला त्यानं या पंचओळी केल्या. 1846 मध्ये त्या टोपणनावानं छापल्या आणि त्याच वर्षी तो व्हिक्टोरिया राणीला चित्रकलेचे धडेही देत होता. ‘लिमरिक’ हे आयर्लंडमधल्या गावाचं नाव त्यानं आपल्या कवितांना कधीच दिलं नाही. ते रुळलं 1890 च्या दशकात. लिअर 1888 मध्येच गेला होता.

वाचा, पण त्याची एक सवय उचलू नका. पहिल्या ओळीच्या शेवटचा शब्दच तो बऱ्याचदा पाचव्या ओळीच्या शेवटी पुन्हा आणतो. त्याच्या चित्रासोबत ते खपतं. तुमच्याकडे चित्र नाही. पुढच्या लोकांनी पाचव्या ओळीत कलाटणी आणली, तीच वाट धरा.

पात्र ठरवा. एक माणूस, त्याची एकच खोड. दोन खोडी घातल्यात तर पाच ओळी पुरत नाहीत.

इथेच एक गोष्ट सांगून टाकते. लिमरिक म्हणजे वात्रटिका नव्हे. वात्रटिकेला कुणाला तरी चिमटा काढायचा असतो, बहुधा आजच्या पेपरातल्या कुणाला तरी. लिमरिकला कुणाचंच काही वाकडं करायचं नसतं. चिमटा काढायचा असेल तर खुशाल वात्रटिका लिहा, तो मानाचा प्रकार आहे, पण तिला लिमरिक म्हणू नका.

ठेका धरा. ओळीगणिक टाळ्या वाजवून बघा: तीन, तीन, दोन, दोन, तीन. इंग्रजीत हा ठेका आघातांवर चालतो, दोन हलकी अक्षरं आणि तिसऱ्यावर जोर. मराठीत तसा जोर नसतो. तो आणायचा हट्ट केलात तर कविता कवायतीसारखी वाजेल. सरळ मात्रा मोजा (ऱ्हस्व अक्षराची एक; दीर्घ अक्षराची किंवा पुढच्या जोडाक्षराचा धक्का बसतो त्या अक्षराची दोन): लांब ओळी एकमेकींच्या बरोबरीच्या, आखूड ओळी साधारण निम्म्या. हे एका संध्याकाळचं काम आहे.

यमक. आता खरं काम. नानांच्या चहावरचा माझा पहिला प्रयत्न, वहीतून जसाच्या तसा:

नाना एकदा पाहुणे गेले,
चहाला लाजून नको म्हणाले,
कप आत गेला,
जीव कासावीस झाला,
शेवटी नाना तसेच निघाले.

गोष्ट वाईट नाही. तरी कुणी हसत नाही. का, हे कळायला मला लाजिरवाणा वेळ लागला. मी विनोद बदलत राहिले, नानांना कधी लग्नाला पाठवलं, कधी बारशाला. दोष विनोदाचा नव्हताच. गेले, म्हणाले, गेला, झाला, निघाले: पाचही ओळींच्या टोकाला भूतकाळाची क्रियापदं बसली होती. मराठी वाक्य क्रियापदावर संपतं, आणि आपली क्रियापदं ‘ला-ली-ले’ करत एकमेकांशी फुकटात जुळतात. फुकटच्या यमकाचं कुणाला नवल वाटणार? ऐकणाऱ्याला दुसरी ओळ सुरू होतानाच माहीत असतं की शेवटी ‘ले’ येणार.

इंग्रजीत क्रियापद वाक्याच्या मध्येच उरकतं आणि ओळीच्या टोकाला पुष्कळदा नाम येतं. नामाला यमक मिळवायचं तर घाम गाळावा लागतो, आणि विनोदी कवी तो घाम लपवत नाहीत, मिरवतात. इंग्रज कवी बायरननं ‘डॉन जुअन’ या लांबलचक काव्यात ‘इंटलेक्च्युअल’ला ‘हेनपेक्ड यू ऑल’ जुळवलं. विदुषी बायकांच्या नवऱ्यांना तो विचारतो, खरं सांगा, त्यांनी तुम्हा सगळ्यांना धाकात ठेवलंय ना? एका भारदस्त शब्दाला तीन किरकोळ शब्द मिळून गाठतात, तिथेच हसू फुटतं. पुढे अमेरिकेत ऑग्डेन नॅश या विनोदी कवीनं तर ओळी वाटेल तेवढ्या लांबवून, शब्द मोडून-वाकवून यमकं गाठली, आणि वाचक त्या मोडतोडीसाठीच त्याला वाचत.

तेव्हा क्रियापदाला टोकावरून उठवा. कसं? आपण बोलताना जसं उठवतो तसंच. ‘गेले कप परत’, ‘बसला तो झुरत’ असं आपण रोज बोलतो. शेवटी पात्राचं नाव ठेवा. कुणाच्या तरी तोंडचं वाक्य ठेवा, कारण बोलणं कुठेही तुटू शकतं. ‘ना’, ‘हं’, ‘की’, ‘बरं’ ही चिमुकली अव्ययं तर सोन्याची नाणी आहेत. पण खबरदार, क्रियापद हलवण्याच्या नादात ‘म्हणे’, ‘पिती’, ‘करी’ अशी पोथीतली रूपं घालू नका. मीही घालत होते. पेठेतल्या नानांनी ‘पिती’ म्हटलं की ते एकदम ओवीत जाऊन बसतात. आणि ‘ला’, ‘चा’, ‘ने’, ‘त’ या प्रत्ययांवर यमक जुळवणं म्हणजे क्रियापदाचीच लबाडी, फक्त वेष बदललेला.

दुसरं, नाव यमकासाठी निवडा. माझे नाना आधी आप्पा होते. आप्पांना गप्पा, टप्पा, धप्पा मिळतात, पैकी एकालाही चहाशी देणंघेणं नाही. तात्यांना तर कुणीच मिळेना. मग एके दिवशी भाजी निवडताना लक्षात आलं, की भिडस्त माणूस ‘ना ना’च म्हणतो. त्या क्षणी आप्पांचे नाना झाले आणि पाचवी ओळ आपोआप आली. तेव्हापासून मी पाचवी ओळ आधी लिहिते, मग दुसरी, आणि पहिली सगळ्यात शेवटी. वरून खाली लिहिणाऱ्यांची पाचवी ओळ नेहमी उरल्यासुरल्या शब्दांची होते.

चहा विचारला तर भिडस्त नाना
लाजून म्हणाले, “नको हो, ना ना!”
कप गेले परत,
ते बसले झुरत,
मनात म्हणाले, “पुन्हा विचारा ना!”

मात्रा मोजून बघा: एकोणीस, एकोणीस, नऊ, नऊ, एकोणीस. ‘म्हणाले’ आजही दोनदा आहे, पण ते मध्ये आहे, तिथे त्याचं कुणी काही ऐकत नाही. नाव, नकार आणि विनवणी या तिघांना एकच आवाज मिळालाय. गोष्ट पहिल्यासारखीच आहे. बदललं ते फक्त टोक.

शब्द वेडे चालतील, वाक्य नाही. निरर्थक कविता करायची असेल तर हे जास्तच लागू. लिअर 1873 मध्ये मुंबईला उतरला आणि पुढे वर्षभराहून अधिक काळ भारत फिरला. त्या काळात त्यानं लिहिलेली ‘कमरबंद’ ही कविता 1874 मध्ये ‘टाइम्स ऑफ इंडिया’त आली. तिच्यात एक सुंदरी आपल्या ‘धोबी’वर बसून संध्याकाळची चांदणी पाहते, जाणारे-येणारे ‘पंखे’ तिच्या रूपाची वाखाणणी करतात आणि कमरबंद हा अक्राळविक्राळ प्राणी निघतो. साहेबाला हे शब्द नुसते चमत्कारिक वाटले असतील, आपल्याला धोबी दिसतो, म्हणून आपण दुप्पट हसतो. पण वाक्यरचना पाहा, एकही शब्द जागचा हललेला नाही, वृत्त घड्याळासारखं चालतं. नवशिके नेमकं उलट करतात: शब्द साधे आणि वाक्य लंगडं.

मधेच कुणीतरी म्हणेल, ही कुठली कविता, हा पोरखेळ. वाद घालू नका, पण मनात एवढं असू द्या. कवी डब्ल्यू. एच. ऑडननं 1938 मध्ये ऑक्सफर्डच्या प्रकाशनासाठी ‘लाइट व्हर्स’चा, म्हणजे हलक्याफुलक्या कवितेचा, संग्रह संपादित केला, त्यात चौदाव्या शतकातल्या चॉसरलाही घेतलं आणि लोकगीतांनाही. त्याचं म्हणणं असं की कवी आणि त्याचे श्रोते यांचं जग एकच असतं तेव्हा कवी रोजच्या बोलीच्या जवळ राहून लिहितो, आणि अशी कविता हलकी असूनही गंभीर असू शकते. टी. एस. एलियट या गंभीर कवीनं 1939 मध्ये मांजरांवरच्या गमतीदार कवितांचं पुस्तक काढलं, तरी 1948 चं नोबेल त्याला मिळालंच. पण एलियटचं नाव सांगून वाईट यमक खपवू नका. गंभीर कवितेत एखादी ढिली ओळ लोक खोल समजून सोडून देतात, इथे लगेच पकडले जाता.

वाचून दाखवा. मनातल्या मनात नाही, मोठ्यानं, कविता न वाचणाऱ्या माणसाला. आधी काही समजावून सांगायचं नाही. चौथ्या ओळीनंतर किंचित थांबा, पण नाटकी नको. तो तिथेच पाचवी ओळ ओळखत असेल तर घरी येऊन पुन्हा लिहा.

मी नानांचं लिमरिक आधी आत्याला ऐकवलं. ती हसली नाही. थोडा वेळ माझ्याकडे बघत राहिली आणि म्हणाली, “मग? विचारला का नाही त्यांनी पुन्हा?”