इंटरनेटशिवाय, एकाच घरात: झिरो ए.डी.चा लॅनवरचा डाव कसा मांडायचा

मे महिन्यात मराठवाड्यात दुपारी घराबाहेर पडायची सोय नसते. सुट्टीला जमलेली भावंडं असोत की लातूर-नांदेडला खोली करून राहणारी मुलं, चार लॅपटॉप एका छताखाली आले की स्ट्रॅटेजी गेमचा विषय निघतोच. आणि बहुतेक वेळा तो ‘नेटच नाही’ या एका वाक्यावर संपतो. खरं तर एकाच घरात बसून खेळायला इंटरनेट लागतच नाही. लागतं ते लोकल नेटवर्क, म्हणजे लॅन. रस्त्याच्या खोदकामात फायबर तुटलेली असली, रिचार्ज संपलेला असला, तरी लॅन चालतं.

मात्र गेम लॅनवर चालणारा हवा. हल्लीचे पुष्कळ गेम शेजारी बसलेल्या दोघांनाही आधी इंटरनेटवर जाऊन लॉगिन करायला लावतात. स्टारक्राफ्ट २ सारखा गाजलेला गेम २०१० मध्ये आला तोच लॅनची सोय काढून. म्हणून या लेखात मी झिरो ए.डी. हा प्राचीन काळातल्या राज्यांचा स्ट्रॅटेजी गेम घेतला आहे. २००१ मध्ये एज ऑफ एम्पायर्स २ मधला बदल म्हणून त्याची कल्पना निघाली, पुढे तो स्वतंत्र गेम झाला आणि २००९ मध्ये त्याचा कोड सर्वांसाठी खुला झाला. पूर्ण मोफत आहे, विंडोज आणि लिनक्स दोन्हींवर चालतो, एका डावात आठ जणांपर्यंत खेळता येतं. त्यातल्या संस्कृतींमध्ये मौर्यही आहेत. लढाईचे हत्ती आहेतच, पण लाकूड-धान्य जमा करून घ्यायला कामगारांच्या मागे मागे फिरणारा एक कामाचा हत्तीही आहे. आपल्याकडच्या मुलांची पहिली उडी त्याच्यावरच पडते.

आधी सगळ्यांकडे एकच आवृत्ती

गेम त्याच्या अधिकृत संकेतस्थळावरून एकानेच उतरवा. इन्स्टॉलरची फाइल पेनड्राइव्हवर घ्या आणि बाकीच्यांनी तीच टाका. परवाना खुला असल्याने अशी प्रत वाटणं पूर्ण कायदेशीर आहे, आणि प्रत्येकाचा डेटाही वाचतो. पण खरं कारण वेगळं आहे. आवृत्तीत जरासा फरक असला तरी कनेक्शन होत नाही. एखाद्याने हौसेने मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या जोड-फाइली, टाकले असतील तर तेही सगळ्यांकडे सारखेच हवेत. पहिल्या डावासाठी मॉड बंदच ठेवा.

हे इतकं काटेकोर का, ते समजून घेतलं तर पुढच्या निम्म्या अडचणी आपोआप उलगडतात. झिरो ए.डी. चित्रं किंवा सैन्याची माहिती नेटवर्कवरून पाठवत बसत नाही. दोन गावांत दोन पट मांडून फोनवर फक्त चाली सांगत बुद्धिबळ खेळावं, तसा हा प्रकार आहे. प्रत्येक कॉम्प्युटर पूर्ण युद्ध स्वतः चालवतो आणि एकमेकांना फक्त हुकूम कळवतो. म्हणून नेटवर्कवर भार फारच कमी पडतो, साधं वायफायही पुरतं. पण एकाच्या पटाचे नियम जरा वेगळे असले की दोघांचं युद्ध वेगळं होत जातं आणि ‘आउट ऑफ सिंक’ असा संदेश येतो. आणि सगळ्यांचे पट बरोबरीनेच चालायला हवेत, त्यामुळे सर्वांत संथ मशीन सगळ्यांना संथ करतं.

नेटवर्क जोडणं

घरात राउटर असेल तर सगळ्यांनी त्याच्याच वायफायवर या, झालं. नेट बंद असलं तरी राउटर चालू असला की पुरे. जुनं कनेक्शन सोडल्यावर माळ्यावर पडलेला राउटरही चालतो. त्याला बाहेरची लाइन जोडायची गरजच नाही.

मी मात्र जिथे जमेल तिथे केबल वापरा असं सांगेन. गावाकडच्या वाड्यांच्या हातभर जाडीच्या दगड-मातीच्या भिंतींतून वायफाय, त्यातही ५ गिगाहर्ट्झचं, नीट पोचत नाही. राउटरच्या मागची बाजू एकदा नीट पाहा. साधारणपणे एका रंगाची तीन-चार भोकं असतात आणि एक वेगळ्या रंगाचं. ते वेगळं म्हणजे वॅन, बाहेरून येणाऱ्या लाइनचं. खेळाच्या सगळ्या केबल लॅन लिहिलेल्या भोकांतच जायला हव्यात. केबल आत गेली की क्लिपचा ‘टिक’ असा आवाज येतो आणि बाजूचा बारीक दिवा लुकलुकू लागतो. दिवा लागला नाही तर गेम उघडायची घाई करू नका, आधी केबल बदलून बघा. क्लिप तुटलेली केबल धक्का लागताच निसटते, ती लढाईच्या भर रंगात नको. भोकं कमी पडली तर पाच किंवा आठ पोर्टचा, म्हणजे तेवढ्या भोकांचा, साधा नेटवर्क स्विच जोडा. अनेक केबल एकत्र जोडणारी ही छोटी डबी असते. १०० एमबीपीएसचाही पुरतो.

राउटर नाहीच, तर मोबाइलचा हॉटस्पॉट घ्या. त्यावरून आपापसांत खेळताना सिमचा डेटा खर्च होत नाही, पण लॅपटॉपना नेट दिसलं की विंडोज अपडेट मागवायला लागतं. म्हणून हॉटस्पॉट सुरू करून फोनचा मोबाइल डेटा बंद करा. बहुतेक फोनमध्ये त्यानंतरही हॉटस्पॉट चालू राहतो. होस्टेलच्या किंवा अभ्यासिकेच्या वायफायवर मात्र वेळ घालवू नका. तिथे अनेकदा एका मशीनला दुसरं दिसूच नये अशी सोय मुद्दाम केलेली असते. राउटरच्या ‘गेस्ट’ वायफायचंही तेच.

होस्ट कोण, आणि त्याचा आयपी

डाव ज्याच्या मशीनवर उभा राहतो तो होस्ट. तो बंद पडला की सगळ्यांचा डाव संपतो. त्यामुळे होस्टसाठी मी वेगाच्याही आधी विजेचा विचार करेन. यूपीएस नसलेला डेस्कटॉप कितीही दमदार असला तरी आपल्याकडे तो होस्ट करू नये. लाइट जायला वेळ लागत नाही, आणि मोठा कूलर सुरू होताना व्होल्टेज झुकलं तरी असं मशीन रीस्टार्ट होऊ शकतं. चांगल्या बॅटरीचा लॅपटॉप होस्ट करा आणि राउटर इन्व्हर्टरच्या पॉइंटवर लावा. लॅपटॉप टिकला आणि राउटर गेला, तरी डाव मोडतोच. होस्टचं स्लीपही बंद करून ठेवा.

आता होस्टच्या मशीनचा पत्ता, म्हणजे आयपी, शोधायचा. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, मग नेटवर्क अँड इंटरनेट, मग चालू कनेक्शनच्या प्रॉपर्टीज. तिथे खाली आयपीव्ही४ अॅड्रेससमोर १९२.१६८.१.५ अशा धाटणीचा आकडा दिसेल. कागदावर मोठ्या अक्षरात लिहून भिंतीला लावा, प्रत्येक जण विचारणार आहे. त्याच पानावर वरच्या बाजूला नेटवर्कचा प्रकार दिसतो. घरच्या नेटवर्कला तो ‘प्रायव्हेट’ करा.

आकडा १६९.२५४ ने सुरू होत असेल तर मशीनला कुणी पत्ता दिलेलाच नाही, असा त्याचा अर्थ. राउटर नसताना नुसता स्विच लावला की हेच होतं. मग प्रत्येकाने पत्ता हाताने टाकायचा: पहिल्याला १९२.१६८.१०.१, दुसऱ्याला १९२.१६८.१०.२, असं पुढे. सबनेट मास्क सगळ्यांना २५५.२५५.२५५.०, गेटवे रिकामा. दोघंच असाल तर स्विचही नको, एक केबल थेट या लॅपटॉपमधून त्या लॅपटॉपमध्ये लावून असेच पत्ते द्या. आकडे इंग्रजी कीबोर्डवरूनच टाका.

डाव उभा करणं

होस्टने गेम उघडून मल्टिप्लेअर, मग होस्ट गेम निवडायचं. नाव टाकायचं, पोर्ट २०५९५ आहे तोच ठेवायचा. हा पोर्ट म्हणजे केबलचं भोक नव्हे, गेम ज्या क्रमांकावर बोलतो तो आकडा. बाकीच्यांनी मल्टिप्लेअरमधून जॉइन गेम निवडून भिंतीवरचा आयपी आणि तोच पोर्ट टाकायचा. आजूबाजूचे डाव आपोआप शोधून दाखवेल या आशेवर थांबू नका, पत्ता हातानेच टाकावा लागतो.

इथेच बहुतेक जण अडकतात, आणि दोष बहुतेक वेळा फायरवॉलचा, म्हणजे नेटवर्कवरून येणारं-जाणारं अडवणाऱ्या विंडोजच्या पहारेकऱ्याचा असतो. होस्टने पहिल्यांदा डाव उभा केला की विंडोज एक खिडकी उघडून विचारतं, या गेमला नेटवर्कवर बोलू द्यायचं का? पण गेम पूर्ण पडद्यावर असतो, त्यामुळे ती खिडकी मागे दबून राहते आणि कुणाला दिसतच नाही. अल्ट आणि टॅब एकदम दाबून मागे पाहा, प्रायव्हेट नेटवर्कवर खूण करा, परवानगी द्या. खिडकी चुकून बंद झाली असेल तर विंडोज सिक्युरिटीमध्ये फायरवॉलच्या पानावर ‘अलाऊ अॅन अॅप’ आहे, तिथे झिरो ए.डी.चं नाव शोधून खूण करा. वेगळा अँटिव्हायरस असेल तर त्याचंही फायरवॉल असू शकतं, तिथेही तेच. अख्खं फायरवॉल बंद करायचा सल्ला ठिकठिकाणी मिळेल. तो मानू नका. एका गेमला वाट द्यायची तर अख्खं दार उघडं टाकायचं कारण नाही, आणि नंतर ते लावायचं राहूनच जातं.

तरीही जमेना, तर होस्ट आणि जॉइन करणारा दोघांचे आयपी शेजारी मांडा. घरच्या राउटरवर टिंबांनी वेगळे केलेल्या चारपैकी पहिले तीन आकडे सारखे हवेत. वेगळे असतील तर एक जण दुसऱ्याच वायफायवर आहे, किंवा त्याचं व्हीपीएन, म्हणजे दुसऱ्याच नेटवर्कमधून वाट काढणारं अॅप, चालू आहे. व्हर्च्युअलबॉक्ससारखं, कॉम्प्युटरच्या आत दुसरा कॉम्प्युटर चालवणारं काही टाकलेलं असेल तर एका मशीनला दोन-तीन पत्ते दिसतात. त्यातला वायफायचा किंवा चालू केबलचा घ्यायचा. ‘पिंग’ला, म्हणजे दुसरं मशीन पोचतं का हे तपासणाऱ्या हाकेला, उत्तर आलं नाही म्हणून हताश होऊ नका, विंडोजचं फायरवॉल पिंग अडवतं आणि गेम तरीही चालू शकतो.

सगळे यादीत दिसले की होस्टने नकाशा ठरवावा. पहिल्यांदा ‘मेनलँड’ हा साधा सपाट नकाशा बरा. लोकसंख्येची मर्यादा प्रत्येकी १०० ठेवा. जुन्या मशीनवर हीच गोष्ट सर्वांत जास्त उपयोगी पडते, कारण ग्राफिक्स कमी केल्याने फक्त त्या एकाचा पडदा सुधारतो, पण सैन्याची संख्या कमी केली की सगळ्यांच्या प्रोसेसरवरचा भार उतरतो. नवखे असतील तर सीजफायर दहा मिनिटांचा लावा. तेवढ्या वेळात कुणाला कुणावर हल्ला करता येत नाही आणि शेत, घरं, बराकी उभ्या करायला उसंत मिळते. मग प्रत्येकाने रेडी दाबायचं आणि होस्टने स्टार्ट.

मध्येच संथ झालं किंवा कुणी सुटलं तर

परभणी-नांदेडकडे पारा ४२ च्या पुढे गेला की गादीवर ठेवलेला लॅपटॉप तापून स्वतःचा वेग उतरवतो, आणि तो एकटा नाही, सगळा डाव संथ होतो. लॅपटॉप पाटावर किंवा टेबलावर ठेवा, खालची जाळी मोकळी राहू द्या. लाइट गेल्यावर बॅटरीवरही काही लॅपटॉप असाच वेग कमी करतात. पॉवर मोड ‘बेस्ट परफॉर्मन्स’वर ठेवल्याने फरक पडतो.

होस्ट सोडून दुसऱ्या कुणाचं मशीन बंद पडलं तर डाव मोडू नका. त्याने पुन्हा सुरू करून त्याच नावाने, त्याच आयपीवर जॉइन केलं की त्याचं राज्य त्याला परत मिळतं. नावाचं स्पेलिंग मात्र तंतोतंत तेच हवं. तो येईपर्यंत पॉज दाबून ठेवा.

रात्री आवरताना ज्यांनी पत्ता हाताने टाकला होता त्यांनी तो पुन्हा ‘ऑटोमॅटिक’वर न्यावा, नाहीतर सकाळी त्याच लॅपटॉपवर घरचं नेट चालणार नाही. फोनचा हॉटस्पॉटही बंद करा.