लहानग्यांवरचा निरीक्षणपट: या चुका टाळा

निरीक्षणपट म्हणजे समोर घडते ते ढवळाढवळ न करता टिपणारा माहितीपट. नाशिकमधली असा माहितीपट शिकू पाहणारी मंडळी अंगणवाडीत केलेले चित्रीकरण मला दाखवतात, तेव्हा एक चूक हमखास आढळते. मुलाच्या हातून काही सुंदर घडते, ते टिपायचे राहून जाते आणि मागून आवाज येतो, "बाळा, पुन्हा एकदा कर ना!"

पेठ तालुक्यातल्या एका पाड्यावर आम्ही आठ दिवस होतो. तिसऱ्या दिवशी साडेतीन वर्षांची एक मुलगी उंबऱ्यावर बसून सँडलचा पट्टा बक्कलात ओवत होती. पट्टा दोनदा निसटला, तिने सँडल काढून दुसऱ्या पायात घालून पाहिली, पुन्हा पहिल्या पायात घातली आणि अखेर पट्टा अडकताच अंगणात धूम ठोकली. आमचा फोकस मात्र मागच्या भिंतीवरच्या बाराखडीच्या तक्त्यावर होता. माझ्या सहकाऱ्याने तिला हाक मारून परत उंबऱ्यावर बसवले. त्यानंतर कॅमेरा उचलला की ती पाय पुढे करून आमच्याकडे पाहत राही आणि इतर मुलेही चपला काढून रांगेत बसत. दोन दिवस कॅमेरा पिशवीत ठेवून आम्ही सेविकाताईंसोबत नुसते बसलो, तेव्हा कुठे मुले आपापल्या खेळात परतली. संकलनात मी तो अस्पष्ट तुकडाच ठेवला, कारण बक्कल अडकल्याचा बारीक आवाज आणि तिचा सुटलेला श्वास त्यात स्वच्छ ऐकू येत होता.

म्हणून पहिले दोन दिवस मी चित्रीकरण करतच नाही. कॅमेरा शेजारी ठेवतो आणि मुलांना तो हाताळू देतो. टिपलेले दृश्य मात्र काम संपेपर्यंत त्यांना दाखवत नाही. कृती संपली असे वाटल्यावर मनात वीसपर्यंत मोजतो आणि मगच कॅमेरा थांबवतो, कारण मुलाचा खरा विचार बहुधा त्या वीस अंकांत दिसतो. एका दिवसात माहितीपट उरकू पाहणाऱ्यांनी हा विषय घेऊच नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

दुसरी चूक दारातून झूम लावून टिपण्याची. मुलांना त्रास नको, हा हेतू चांगला असला तरी तीन-चार वर्षांची मुले खेळताना स्वतःशीच मोठ्याने बोलतात, आपल्या हातांना जणू सूचना देतात, आणि ते बोलणे दारापर्यंत पोहोचत नाही. बालशिक्षणतज्ज्ञ ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ साली बोर्डीला बालशिक्षणाचे काम सुरू केले आणि पुढे शाळाच मुलांच्या अंगणात नेली. आपण निदान खोलीच्या आत तरी जावे. मी जमिनीवर मांडी घालून बसतो, मांडीवर तांदळाची लहान पिशवी ठेवून त्यावर कॅमेरा टेकवतो, म्हणजे भिंग बसलेल्या मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवर येते. हेडफोन कानावरून काढत नाही. पत्र्याचे छप्पर असेल तर पावसाळ्यात संवादांची आशा धरू नये.

ट्यूबलाइटखाली चित्रात पट्टे दिसत असतील तर सेकंदाला २५ फ्रेम ठेवून शटरचा वेग १/५० सेकंद करावा.

मुलांच्या बोलण्यावर संगीत चढवू नये.

पालकांची सही घेताना मजकूर त्यांच्या बोलीत वाचून दाखवावा. सही असली तरी मुलाने पाठ फिरवली की तो नकार समजून मी कॅमेरा खाली ठेवतो, आणि अंघोळ किंवा शी-शूच्या वेळी तो उचलतच नाही.