वाढीव मोबदल्यासाठी मुखत्यारपत्र: काय लिहावे आणि कुठे अडते

भूसंपादनाच्या कामात मुखत्याराने (खातेदाराने आपल्या वतीने काम करायला नेमलेल्या माणसाने) केलेली सही खातेदारालाच बांधते. म्हणून मसुदा करताना दोन प्रश्न आधी सोडवा: मुखत्याराने काय करायचे, आणि काय अजिबात करायचे नाही.

या कामाला कुलमुखत्यारपत्र (सर्व कामांचे) नको, खास मुखत्यारपत्र (ठरावीक कामाचे) पुरते. जमीन विकण्याचा अधिकार तर त्यात चुकूनही घालू नका. पैसे घेऊन विक्रीचे अधिकार दिले, तर मुद्रांक शुल्क खरेदीखतासारखे लागते. पत्रात गाव, तालुका, गट क्रमांक, संपादित क्षेत्र आणि भूसंपादन प्रकरणाचा क्रमांक 7/12 व नोटिशीप्रमाणे हुबेहूब उतरवा. त्यानंतर अधिकार एकेक करून लिहा: हरकती दाखल करणे, संयुक्त मोजणीला हजर राहणे, नकला काढणे, 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 64 खाली वाढीव मोबदल्यासाठी अर्ज करणे, वकील नेमणे, अपील करणे. राष्ट्रीय महामार्गासाठी जमीन गेली असेल, तर 1956 च्या कायद्यानुसार रकमेचा वाद लवादाकडे जातो. तिथे ‘कोर्टातील कामे’ एवढेच लिहिलेले पत्र अपुरे ठरू शकते. ‘लवादासमोर’ हा शब्द घालाच.

7/12 वर पाच नावे असतील, तर पाचही जणांच्या सह्या हव्यात. एकाच्या मुखत्याराला बाकीच्यांच्या हिश्श्यावर बोलता येत नाही. हिश्श्यांवरून घरातच वाद असेल, तर सगळ्यांचा मिळून एक मुखत्यार नेमू नये. मोबदल्याच्या वाटणीचा वाद त्याच कायद्याच्या कलम 76 खाली वेगळा चालतो आणि तिथे तो माणूस एकाच वेळी दोन्ही बाजूंना उभा राहील.

सगळ्यात जास्त नुकसान मुदतीत होते. निवाडा (मोबदला ठरवणारा जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश) होताना खातेदार स्वतः किंवा प्रतिनिधीमार्फत हजर असेल, तर कलम 64 च्या अर्जाची मुदत निवाड्याच्या तारखेपासून 6 आठवडे. हजर नसेल, तर नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा निवाड्यापासून 6 महिने, यांतले जे आधी संपेल ते. म्हणजे मुखत्यार त्या दिवशी कचेरीत हजर होता, हजेरीपत्रकावर त्याची सही आहे, तर ‘मला कळलेच नाही’ हे खातेदाराला म्हणता येत नाही. सबळ कारण दाखवल्यास जिल्हाधिकारी पुढे 1 वर्षापर्यंतचा उशीर माफ करू शकतात, पण त्या भरवशावर राहू नका. अर्जासोबत मुखत्यारपत्राची प्रमाणित प्रत जोडा आणि आवक क्रमांकासह पोच घ्या. जिल्हाधिकाऱ्यांनी 30 दिवसांत प्रकरण प्राधिकरणाकडे (मोबदल्याचे वाद ठरवणाऱ्या यंत्रणेकडे) पाठवायचे असते. ते न झाल्यास थेट प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो, आणि तेव्हा हीच पोच कामाला येते.

दुसरा घोटाळा पैसे उचलताना होतो. हरकत न नोंदवता रक्कम घेतली, की वाढीव मोबदल्याचा अर्ज करण्याचा हक्क जातो. मुखत्याराने पावतीवर सही करताना तिथेच लिहावे: ‘मोबदला अपुरा असल्याने हक्क राखून, हरकतीसह रक्कम स्वीकारली.’ त्या पावतीची प्रत जवळ ठेवा. पत्रातही अट टाका: रक्कम फक्त खातेदाराच्या बँक खात्यात जमा व्हावी, आणि संमती-करार किंवा तडजोड खातेदाराच्या वेगळ्या लेखी परवानगीशिवाय होऊ नये. टक्केवारीवर ‘सगळे बघतो’ म्हणणारे मध्यस्थ नेमके हेच दोन अधिकार मागतात. ते देऊ नका.

प्राधिकरणात किंवा न्यायालयात मुखत्यार पक्षकारातर्फे हजर राहू शकतो, अर्जांवर सह्या करू शकतो. पण तो वकील नव्हे. युक्तिवादासाठी वकीलपत्र लागतेच. साक्षीचा मुद्दा याहून नाजूक आहे. जानकी वाशदेव भोजवानी विरुद्ध इंडसइंड बँक या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की ज्या गोष्टी फक्त पक्षकारालाच ठाऊक आहेत त्यांबाबत मुखत्यार त्याच्या जागी साक्ष देऊ शकत नाही. विहीर कधी खोदली, बागेत किती झाडे होती, उत्पन्न किती निघायचे, हे सांगणारा माणूस ते पाहिलेला असावा. शेत मुखत्यारच कसत असेल, तर त्याने स्वतःच्या माहितीपुरती साक्ष द्यावी आणि शपथपत्रात तसे म्हणावे. खातेदार अंथरुणाला खिळलेला असेल, तर कोर्ट कमिशनमार्फत (कोर्टाने नेमलेल्या माणसाने घरी येऊन) साक्ष नोंदवण्याचा अर्ज करावा.

पत्र नोटरीसमोर केले तरी कायद्याने चालते. तरीही, रक्कम मोठी असेल तर दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेले बरे, म्हणजे सहीवरून शंका निघत नाही. खातेदार परदेशात असेल, तर तिथल्या भारतीय वकिलातीत किंवा नोटरीसमोर सही करावी. असे पत्र महाराष्ट्रात आल्यापासून 3 महिन्यांच्या आत त्यावर इथले मुद्रांक शुल्क भरावे लागते. पाकिटावरची तारीख जपून ठेवा.

मुखत्यार बदलायचा असेल, तर नुसते रद्दपत्र करून भागत नाही. त्या मुखत्याराला, भूसंपादन कचेरीला, प्राधिकरणाला आणि वकिलाला लेखी कळवून पोच घ्या. कळेपर्यंत त्याने केलेले काम तुमच्यावर बंधनकारक राहू शकते. आणि खातेदार वारला, की सर्वसाधारणपणे मुखत्यारपत्र त्याच क्षणी संपते. त्यानंतर जुन्याच पत्रावर तारखा घेत राहणे धोक्याचे आहे. वारसांनी लगेच आपली नावे दाव्यात लावून घ्यावीत. हायकोर्टात अपील चालू असेल, तर त्यासाठी मृत्यूपासून 90 दिवस मिळतात. पुढे मुखत्यार हवाच असेल, तर सर्व वारसांच्या सह्यांचे नवीन पत्र करावे.